बोक्याची सोळा नखं

३ फेब्रुवारी, मंगळवार

धाकटे,

वर ‘अनेक आशीर्वाद’ लिहिणार होते, पण हात थांबला. माझे आशीर्वाद तू ठेवून घेशील की परत पाठवशील, काही सांगता येत नाही. म्हणून सरळ कामाचं लिहिते.

पत्ता कुठून मिळाला ते विचारू नकोस. मिळाला. आधी फोन लावला होता, तर ती बाई म्हणते हा क्रमांक अस्तित्वात नाही. नसेल बाई.

काम एवढंच, की बोक्याची नखं तू कशी कापायचीस?

हसू नकोस. माझे गुडघे आता मला तीन जिने चढू-उतरू देत नाहीत, त्यामुळे त्याचं फिरणं गल्लीच्या टोकापर्यंत आणि परत. रस्त्यावर आपोआप घासली जायची ती नखं आता घासली जात नाहीत. फरशीवर चालायला लागला की टक टक टक टक, जसं काही कोणी टाइपरायटर घेऊन घरभर फिरतंय. कुत्र्याचं नाव बोका ठेवणाऱ्या घरात याहून वेगळं काय होणार म्हणा. आईला मात्र तो आवाज आवडतो. तिची नजर आता जवळजवळ गेलीच. तू होतीस तेव्हा खिडकी कुठे आणि भिंत कुठे एवढं तरी कळायचं, आता तेही नाही. सगळं कानांवर चाललंय. दूध वर आलं की माझ्याआधी तिला कळतं. मशीनखाली कापड कुठलं आहे ते टाक्याच्या आवाजावरून सांगते, आणि बरोबर सांगते.

आता मुद्दा. दुपारी ती खुर्चीत बसली की हा समोर बसतो, पुढचा पाय तिच्या हातावर ठेवतो आणि ती त्याला बिस्किट देते. ही सवय तुम्हा दोघींचीच. गेल्या आठवड्यात त्याने पाय मागे ओढला आणि तिच्या डाव्या हाताची कातडी फाटली. मनगटाच्या वर, आतल्या बाजूला, दोन बोटं लांब. कागदासारखी सोलून वर आली होती. आता एक दिवसाआड नर्सबाई पट्टी बदलायला येते. काल म्हणाली, “यांची साखर बघता ही जखम भरायला महिना जाईल. अजून एक झाली तर माझ्या हातात काही नाही. एक तर नखं काढा, नाहीतर कुत्रा काढा.”

कुत्रा काढला तर आई अंथरुणातून उठायची नाही, हे तुला सांगायला नको. आणि प्राण्यांच्या डॉक्टरांच्या दारात बोका काय तमाशा करतो तेही तुला माहीत आहे. तुझ्याशिवाय त्याला त्या टेबलावर कोणी चढवू शकलेलं नाही. मागच्या वर्षी मी नेलं, तर त्याने डॉक्टरांच्या बाहीचा लचका तोडला. ती बाही मग मीच शिवून दिली.

तुझा लाल मुठीचा नेलकटर सापडला. कापणं माझा धंदा आहे, पण ही नखं काळी कुळकुळीत. आत कुठवर काय आहे, दिसतच नाही. कुठे थांबायचं? चार ओळी लिही. गोडगोड नको, शहाणपणही नको. आईला तसं बरं आहे. तू यावंस असं काही नाही.

ताई


१२ फेब्रुवारी, गुरुवार

धाकटे,

नऊ दिवस झाले. काल टपाल आलं, त्यात माझ्या नावाचं काही नव्हतं. ठीक आहे. मीच मूर्ख, वाट बघत बसले.

तर मी कापली. म्हणजे एक कापलं.

तुला माझा हात माहीत आहे. पँट कमी करायची तर मी खडूची रेघ मारते आणि एका दमात कात्री चालवते. थांबत थांबत कापलं की कड दातेरी येते. तीस वर्षं हात तसाच चालतोय. बोक्याला मशीनजवळ बसवलं, डावा पुढचा पाय धरला, नखावर मनातल्या मनात रेघ मारली आणि दाबला कटर.

काय ओरडला गं तो. माझ्या हातातून सुटला आणि घरभर धावला, आणि जिथे जिथे गेला तिथे तिथे रक्त. एवढ्याशा नखात एवढं रक्त असतं हे मला काय माहीत? गिऱ्हाइकाची पांढरी पँट खुर्चीवर टाकली होती, तिचं वाटोळं झालं. आई आतून ओरडली, “काय केलंस त्याला?” काय झालं, असं नाही विचारलं. काय केलंस. माझ्याबद्दल तिचा पहिला अंदाज कायम हाच असतो.

खालचे घड्याळवाले काका आवाज ऐकून वर आले. त्यांच्याकडे पूर्वी कुत्री होती. म्हणाले, “घरात कॉर्नफ्लोअर आहे? आणा, आणा, बघत काय बसलात?” मूठभर पिठात ते नख दाबून धरलं पाच मिनिटं, तेव्हा कुठे थांबलं. मग मला म्हणाले, “अहो, नखात जिवंत शीर असते. तुम्ही तर बोटच कापल्यासारखं कापलंत.” मी म्हटलं, ज्यांना हे माहीत आहे त्यांनी सांगायची तसदी घेतली नाही. त्या बिचाऱ्यांना काय ठाऊक मी कोणाला बोलतेय.

तेव्हापासून बोका आईच्या पलंगाखाली. जेवायलासुद्धा मी खोलीतून बाहेर गेल्यावर येतो. मी कात्री उचलली, अगदी कापडाची, तरी त्याचे कान मागे जातात. सकाळी आई म्हणाली, “धाकटी असती तर एवढं झालं नसतं.” मी म्हटलं, “नाही ना ती. जी आहे ती मी आहे.” तिने तोंड भिंतीकडे केलं. भिंत तिला दिसत नाही, पण मी त्या बाजूला नाही एवढं तिला कळतं. मग मी बाहेर येऊन फरशी पुसली.

मी काय मागितलं होतं तुझ्याकडे? चार ओळी. दगडालासुद्धा एव्हाना पाझर फुटला असता.

ताई


२० फेब्रुवारी, शुक्रवार

धाकटे,

तुझ्यावाचून अडलं नाही, हे कळवायला लिहितेय.

घड्याळवाल्या काकांनी त्यांचं डोळ्यात अडकवायचं भिंग दिलं आणि कसं करायचं ते दाखवलं. एका दमात नाही. कांदा चिरताना टोकाची जेवढी चकती निघते तेवढीच काढायची, तीही खालून, तिरकी. मग थांबायचं आणि कापलेल्या जागी बघायचं. आधी पांढुरकं, भुसभुशीत दिसतं. आणखी एक चकती काढली की मध्यभागी काळसर ओला ठिपका येतो. ठिपका दिसला की बस. कितीही मोह झाला तरी त्यापुढे जायचं नाही. मला म्हणाले, “घड्याळ आणि कुत्रा, दोन्हीला घाई चालत नाही.” मी मनात म्हटलं, काका, दोन्ही ऐन वेळेला अडतात तेवढं मात्र माहीत आहे.

पण त्याआधी बोका हाती लागायला हवा ना. पहिला दिवस मी नुसती पलंगाशेजारी जमिनीवर बसले, या गुडघ्यांनिशी. दुसऱ्या दिवशी कटर जमिनीवर ठेवला आणि त्याच्याभोवती बिस्किटाचे तुकडे. तिसऱ्या दिवशी त्याने पाय हातात दिला, मी नुसता दाबला आणि सोडला. चौथ्या दिवशी एक नख. मग रोज तीन किंवा चार, मग बिस्किट, मग सुट्टी. एकदाही रक्त नाही. मी त्याच्याशी बोलत होते, काय वाट्टेल ते. “राजा माझा तो, शहाणा माझा तो,” असलं. आई आतून ऐकत होती. म्हणाली, “माझ्याशी बोलत नाहीस कधी असं.” मी म्हटलं, “तू पाय दे, बोलते.” धाकटे, ती हसली. किती महिन्यांनी हसली असेल, मला आठवत नाही.

चार पाय, पायाला चार नखं, सोळा. सोळाच्या सोळा झाली आज. कानशीने कडासुद्धा गोल केल्या, तुझ्याच डब्यातल्या. माझ्या गालावरून फिरवून बघितली, ओरखडा नाही. नर्सबाईला दाखवली तर म्हणाली, “व्वा, तुमचं दुकानच टाका आता.”

आईच्या हातावर आता गुलाबी कातडी धरायला लागलीये. बघ, झालं की नाही सगळं.

ताई


२६ फेब्रुवारी, गुरुवार

धाकटे,

मागच्या पत्रात फार तोऱ्यात लिहिलं. ते पत्र फाडून टाक.

सोमवारी सकाळी आईने विचारलं, “बोका कुठे गेला?” तो तिच्या पायाशीच होता. मी सांगितलं. तिने हात खाली नेला, त्याचं डोकं चाचपलं, कान चाचपले, आणि म्हणाली, “हा बोका नाही. बोका वाजतो.”

माझ्या लक्षातच आलं नव्हतं गं. टक टक गेलं. आता तो मांजरीसारखा चालतो, नावाला शोभेल असा. आईच्या लेखी तो चालेनासाच झाला. दिवसभर तो घरात कुठे आहे हे तिला कळायचं, दाराशी गेला, पाणी प्यायला गेला, माझ्या मशीनखाली जाऊन बसला. तिचं घर त्या आवाजाने भरलेलं होतं. मी ते कापून कचऱ्याच्या डब्यात टाकलं. लाख समजावलं, त्याला भुंकायला लावलं, तर म्हणते, “भुंकतात सगळीच.” दोन दिवस तिने बिस्किट हातात धरून ठेवलं आणि त्याला दिलं नाही. तो बापडा समोर बसून तिच्या तोंडाकडे बघतोय.

मंगळवारी रडायला लागली. म्हणाली, “आधी तिला घालवलंस, आता यालाही घालवलंस. आता राहिलं कोण?”

मी म्हटलं, मी राहिलेय ना.

आणि काल तो जवळ गेला, पाय तिच्या हातावर ठेवला, तिने झिडकारला आणि हात पुन्हा फाटला. जुन्या जखमेच्या शेजारीच. कशाने फाटला? मी सोळाच्या सोळा नखं भिंग लावून पाहिली, एकालाही धार नाही. खुर्चीचे हात पाहिले. माझ्याच घड्याळाचा पट्टा लागला असेल म्हणून तो काढून ठेवला. नर्सबाईने पट्टी बांधली, पण तिचं तोंड मला दिसतं. जखम लाल आहे आणि गरम लागतेय.

आता तुला एक सांगते, कारण आता मला झेपत नाही. तुझा पत्ता मला पाकिटावरून मिळाला. आईला आलेल्या तुझ्या पाकिटावरून. ती सगळी पाकिटं माझ्या मशीनच्या खणात आहेत. मी तिला एकही वाचून दाखवलं नाही. आलंय, हेसुद्धा सांगितलं नाही. लपवली, पण फोडली मात्र नाहीत. दुसऱ्याच्या नावाचं पत्र मी फोडत नाही, एवढं तरी माझ्या पदरात टाक.

आणि तू निघालीस त्या दिवशी मी दारात तुला म्हटलं, आई झोपलीये, तिला तुझं तोंडही बघायचं नाही. ती झोपली नव्हती. आंघोळीला गेली होती. तू किल्ल्या टेबलावर आपटून गेलीस आणि ती ओल्या केसांनी बाहेर आली, तेव्हा मी सांगितलं, न सांगता निघून गेली. दोघींनी मिळून तिचं करायचं ठरलं होतं आपलं. तू लांबची नोकरी धरलीस आणि मी सुई-दोरा धरून बसले. बावीस महिने मी तिचं सगळं करतेय, धाकटे, सगळं, आणि ती झोपेत हाक तुला मारते. मला ते सहन झालं नाही. बस, एवढंच कारण आहे. याहून मोठं काही असतं तर बरं झालं असतं.

ताई


५ मार्च, गुरुवार

धाकटे,

तू ये. आधी तेच लिहिते, म्हणजे पुढचं वाचलं नाहीस तरी चालेल. हाक मारायला मी कमी पडले असेन, पण आता मारतेय. आईला शनिवारपासून ताप आहे. डॉक्टर घरी येऊन गेले. गोळ्या बदलल्या आहेत. हात कोपरापर्यंत सुजलाय.

परवाची गोष्ट सांगते. बोक्याला आवाज द्यायचा म्हणून मी डोकं चालवलं. तू आपटून गेलीस त्या दोन किल्ल्या, घराची आणि गच्चीची, एका कडीतल्या. त्याच खणात होत्या. त्या मी त्याच्या पट्ट्याला अडकवल्या. म्हटलं, टक टक नाही तर खण खण सही. तो उठला, किल्ल्या वाजवत आईच्या खोलीत गेला, मी मागोमाग.

आई उशीवरून मान उचलून म्हणाली, “आलीस?”

मला आधी कळेना. मग एकदम कळलं. जिना चढताना तू बोटात फिरवत यायचीस ना त्या किल्ल्या. दाराबाहेर तोच आवाज यायचा.

मी काय करायला हवं होतं, तूच सांग. मी म्हटलं, “हो आई. आले.”

“ताई कुठेय?”

“बाहेर गेलीये. बटणं आणायला.”

“मग बस इथे. ती यायच्या आत बोलू,” म्हणाली, आणि माझा हात धरला. अंगात इतका ताप, पण शब्दन् शब्द स्पष्ट होता. म्हणाली, “तुझी पत्रं येतात, मला माहीत आहे. तू लिहिणं थांबवू नकोस हं. पत्र आलं की ताई खण उघडते, बंद करते, आणि मग कितीतरी वेळ मशीन चालत नाही. आजवर चारदा झालं तसं. मला तेवढं पुरतं. मी मनात म्हणते, चला, पोर सुखरूप आहे.”

मी विचारलं, “मग तिला तू विचारलं का नाहीस?”

“विचारलं तर तिला खोटं बोलावं लागेल. नाहीतर खरं बोलावं लागेल, आणि मग तीही जाईल तोंड लपवून. मला तिची भीती वाटते गं. म्हणजे ती रागावते म्हणून नाही. ती गेली तर मी काय करू?”

बावीस महिने, धाकटे, आम्ही दोघी एका घरात एकमेकींना घाबरून राहिलो. मला वाटायचं तिला मी नकोय.

मग मी खण उघडला. चार पाकिटं. तारखेप्रमाणे लावली आणि आईसमोर फोडली, तिच्या नावाची, तिच्यासमोर. तुझा आवाज काढून वाचली. तुझ्या खोलीचं गळकं छत, ऑफिसातली ती घोरणारी बाई, तू चुकून दुसऱ्याच बसमध्ये बसून गावाबाहेर गेलीस ते. आई हसत होती, मधेच “पुन्हा वाच” म्हणत होती. तीन झाली आणि ती दमली. चौथ्यासाठी मी हात पुढे केला तर म्हणाली, “ते उद्याला ठेव. उद्या काय ऐकू मग मी?” म्हणून ठेवलं. माझी बोटं हातात धरूनच झोपली. सुयांनी घट्टे पडलेली माझी बोटं, ती तुझी म्हणून कशी खपली असतील? तिला कळलं होतं की नाही, देव जाणे.

काल दिवसभर तिला ग्लानी होती. आज संध्याकाळी हॉस्पिटलात न्यायचं म्हणतायत. चौथं पत्र मी तिला तिथे वाचून दाखवीन.

तू ये. माझं तोंड बघू नकोस, मी खाली काकांच्या दुकानात जाऊन बसेन. तू ये फक्त.

ताई


१४ मार्च, शनिवार

धाकटे,

आई गेली. मंगळवारी, सकाळी. जखमेतून विष अंगभर पसरलं म्हणाले. मी जवळ होते. तिने डोळे उघडले नाहीत. दोन ओळींचं पत्र मी त्याच दिवशी लिहिलं होतं, पण पेटीपर्यंत पाय गेले नाहीत. माझं पाच तारखेचं तुला मिळालं का, केव्हा मिळालं, काहीच माहीत नाही. बोलावूनही आली नाहीस असं कोणी म्हणू नये, म्हणून हे लिहिते. तुझी काही चूक नाही. आता पुढचं वाच, मग तुलाही पटेल.

आज चौथं पाकीट फोडलं. हॉस्पिटलात नेलं होतं मी ते, पर्समध्ये. पण तिला शुद्ध आलीच नाही, आणि तिच्या नावाचं पत्र तिच्यामागे फोडायचं नाही हे माझं तत्त्व. काय तत्त्वाची बाई मी. आज म्हटलं, आता फोडायला कोण उरलंय.

वर तारीख आहे आठ फेब्रुवारी. म्हणजे माझं पहिलं पत्र मिळाल्याबरोबर तू बसलीस लिहायला. अकरा तारखेला ते आलं. माझ्या हाताने मी ते घेतलं, आईचं नाव बघितलं, आणि खणात टाकलं. दुसऱ्या दिवशी तुला लिहिलं, माझ्या नावाचं काही नव्हतं. ते वाचून तुला वाटलं असेल, ताईने हेही दाबलं. बरोबरच वाटलं तुला. तेव्हापासून तू का गप्प झालीस ते आता कळलं.

तू काय लिहिलं होतंस ते तुला पाठ असेल. तरी लिहिते, कारण माझ्या डोळ्यांपुढून ते हलत नाही.

“आई, ताईने बोक्याच्या नखांचं विचारलंय. मी तिच्याशी बोलत नाही, म्हणून तुला लिहिते, तू तिला सांग. एकदम कापू नये, चकत्या काढाव्यात. रक्त आलं तर कॉर्नफ्लोअर. आणि मुख्य म्हणजे पुढच्या दोन पायांना आतल्या बाजूला, वर, केसांत लपलेलं एकेक पाचवं नख असतं. ते जमिनीला लागत नाही म्हणून झिजत नाही, आणि वाजतही नाही, म्हणून कोणाच्या लक्षात येत नाही. तुझा हात त्यानेच फाटला असणार. बाकीची राहू देत, तुला त्यांचा आवाज आवडतो. ताईला म्हणावं आधी ती दोन काप.”

बोक्याला बोलावलं. किल्ल्या वाजवत आला. पुढचा पाय उचलला आणि आतले केस बाजूला केले. गळासारखं वळलेलं, टोकदार. उजव्या पायाच्या नखात आईच्या पट्टीचा एक धागा अडकलेला होता, पांढरा. अजूनही. सोळा मोजणारी मी. तीस वर्षं लोकांच्या अंगाची मापं घेतेय आणि घरातल्या कुत्र्याला नखं अठरा आहेत हे मला मोजता आलं नाही.

दोन्ही कापली. चकत्या काढत, ठिपका दिसेपर्यंत. हात अजिबात थरथरला नाही, याचंच मला वाईट वाटलं. त्याने पाय ओढला नाही, उलट कापून झाल्यावर माझ्याच हातावर ठेवला. मी तो धागा टाकला नाही.

पत्राच्या शेवटी तू लिहिलं होतंस, “नंबर बदललाय, खाली देते. आई, तू नुसतं ये म्हटलंस तरी मी येईन. नोकरी राहिली बाजूला.”

महिनाभर तो नंबर माझ्या मांडीपासून वीतभर अंतरावर होता. मी त्याच्यावर बसून चेनी बदलत होते, हुक लावत होते, आणि तुला शिव्या देत होते.

मघाशी तो फिरवला. घरच्या फोनवरून. दोनदाच वाजला आणि तू उचललास. घरचा नंबर पाहिला असशील. तू हॅलो म्हणाली नाहीस. तू म्हणालीस, “आई?”

मी फोन ठेवला. तेवढ्यासाठी हे पत्र लिहायला बसले, की तोंडाने सांगावं लागू नये, टपालाने जाईल, चार दिवसांनी तू एकटी वाचशील आणि मला तुझं रडणं ऐकावं लागणार नाही. बघ, अजूनही मी तेच करतेय.

फोन वाजायला लागलाय. थांबला. पुन्हा वाजतोय. तूच आहेस. बोका उठून दाराशी जाऊन बसलाय आणि शेपूट हलवतोय. त्याला वाटतंय कोणीतरी आलं.

आता उचलते. तू पुन्हा “आई?” म्हणशील, आणि मी सांगेन, “नाही गं, मी ताई बोलतेय.”